मदत हवी आहे: बडोद्यात सरगॅसम (एक समुद्रशेवाळ) जगवायचं कसं?

नमस्कार मंडळी. लेक बीएस्सीला आहे. प्रकल्पाला विषय घेतलाय तपकिरी समुद्रशेवाळ, आणि आम्ही राहतो मांजलपूरला! द्वारकेहून येताना किनाऱ्यावर वाहून आलेलं सरगॅसम बाटलीत घालून आणलं. मोहरीपेक्षा जरा मोठे हवेचे फुगे, कातरलेल्या कडांची पानं, हाताला बुळबुळीत. समुद्राचं पाणी संपल्यावर मी शहाणपणा करून घरचं मीठ कालवलं. चौथ्या दिवशी बादलीत चॉकलेटी लगदा! वास तर असा, की शेजारच्या काकू विचारायला आल्या.

मग लेकीने सुनावलं: खडकाला घट्ट धरणारी बुडाची पकडच तुटलेली होती, ते जगणार कसं? तिला खरं तर लागवडीवर लिहायचंय. उत्तर कॅलिफोर्नियात २०१४ नंतर समुद्र तापला, सी अर्चिन (शेवाळ फस्त करणारे काटेरी समुद्रजीव) माजले आणि बुल केल्प या उंच वाढणाऱ्या तपकिरी शेवाळाची ९० टक्क्यांहून जास्त जंगलं गेली, तिथून तिने हे डोक्यात घेतलंय.

मत्स्यालयाचं समुद्री मीठ बडोद्यात कुठे मिळेल? भावनगरच्या मीठ संशोधन संस्थेत विद्यार्थ्यांना जिवंत नमुना मिळतो का? कच्छच्या आखातातल्या सागरी राष्ट्रीय उद्यानातून तोडून आणा, असं मात्र कुणी सुचवू नका. फेब्रुवारीत सादरीकरण आहे.