मनाईच्या दाव्यात करारपूर्तीची मागणी दुरुस्तीने घालता येईल का? मुदत कुठून मोजायची?

साठेकरार२०२१ : पुणे जिल्ह्यातील जमिनीचा साठेकरार ऑगस्ट 2021 चा. खरेदीखत 31 डिसेंबर 2021 पर्यंत व्हायचे होते. मार्च 2022 मध्ये मालकाने नोटिशीने नकार दिला. 2023 मध्ये दावा लावला, पण विनंती एवढीच की मिळकत तिसऱ्याला विकू नये. मुद्दे निघालेत, सरतपासाचे शपथपत्र (वादीची स्वतःची साक्ष लेखी देणारे) अजून दिलेले नाही. करारपूर्ती (ठरल्याप्रमाणे खरेदीखत करून मिळणे) व ताबा मागण्यासाठी 20 जानेवारी 2025 ला दुरुस्ती अर्ज दिला, सुनावणी बाकी आहे. प्रतिवादी म्हणतो, मुदत 31 डिसेंबर 2024 लाच संपली. आमचे वकील म्हणतात, नकारापासून मोजा. बरोबर कोण?

दिवाणी_स्तर : दोघेही नाहीत. मुदत कायद्याच्या अनुच्छेद 54 प्रमाणे करारात तारीख ठरलेली असेल तर तीन वर्षे त्या तारखेपासून. तारीख नसेल तरच नकार कळल्यापासून. म्हणजे नोटिशीचा आधार तुम्हाला नाही. पण सर्वोच्च न्यायालयाने कोविडमुळे 15 मार्च 2020 ते 28 फेब्रुवारी 2022 हा काळ मुदतीच्या हिशेबातून वगळला आहे. तुमची तारीख त्यातच पडते. मोजणी 1 मार्च 2022 पासून, शेवट फेब्रुवारी 2025 अखेर. अर्ज मुदतीत आहे. हा हिशेब अर्जात लिहिलेला नसेल तर पुरवणी शपथपत्राने आणा, युक्तिवादावर सोडू नका.

पक्षकार_मित्र : एवढी कटकट कशाला? दावा काढून घ्या, नव्याने लावायची मुभा मागा.

दिवाणी_स्तर : अजिबात नको. दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश 23 नियम 2 वाचा: मुभा मिळाली तरी मुदत पहिला दावा लावलाच नव्हता असे धरून मोजतात. फेब्रुवारी 2025 उलटून गेला की हातात काही उरत नाही. पहिला दावा तसाच ठेवून दुसरा लावला तर मुदतीबरोबरच त्याच संहितेचा आदेश 2 नियम 2 ही आडवा येतो: एका कारणावरच्या सगळ्या मागण्या एकाच दाव्यात करायच्या असतात. व्हर्गो इंडस्ट्रीज (2012) मध्ये आधी मनाईचा आणि मग करारपूर्तीचा दावा होता; दुसरा त्याच कारणाने गेला. दुरुस्तीला मात्र हा नियम लागत नाही, हे एलआयसी वि. संजीव बिल्डर्स (2022) मध्ये स्पष्ट झाले आहे.

निशाणी_पाच : अर्जाची तारीख का महत्त्वाची, ते के. रहेजा (1995) मध्ये दिसते: मनाईच्या दाव्यात सात वर्षांनी करारपूर्ती मागितली, मुदतबाह्य म्हणून नाकारली. दुरुस्ती मूळ दाव्याच्या तारखेला जाऊन बसेलच असे गृहीत धरू नका.

आदेश 6 नियम 17 च्या परंतुकाची (दाव्याची सुनावणी सुरू झाल्यावर दुरुस्तीवर येणाऱ्या बंधनाची) अडचण आज नाही. विद्याबाई वि. पद्मलता (2009) प्रमाणे दाव्याची सुनावणी सरतपासाच्या शपथपत्रापासून सुरू होते. म्हणून अर्जावर आदेश होईपर्यंत ते दाखल करू नका, तारीख मागून घ्या. एकदा दाखल झाले की 'योग्य तत्परता दाखवूनही आधी का मागता आले नाही' याचे उत्तर द्यावे लागते, आणि कराराच्या वेळेपासून सगळे माहीत असलेल्या वादीकडे ते सहसा नसते.

मसुद्यात बहुतेक जण फक्त विनंती कलम वाढवतात. तेवढ्याने भागत नाही. विशिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम 16(क) खालची, करार पुरा करण्याची तुमची तयारी आणि इच्छा लिहा: उरलेली रक्कम कुठे होती, कर्जमंजुरी कधीची, खरेदीखतासाठी कधी बोलावले. 2018 च्या दुरुस्तीने कथनाची सक्ती गेली, तरी कथनच नसेल तर पुराव्याच्या वेळी हरकत येते. ताबा आणि पर्यायी विसार परत, दोन्ही कलम 22 खाली स्वतंत्रपणे मागा. दाव्यास कारण, मुदत आणि मूल्यांकन हे परिच्छेदही बदला. कोर्ट फी आता पूर्ण मोबदल्यावर. दावा कनिष्ठ स्तराकडे असेल आणि मोबदला त्या न्यायालयाच्या आर्थिक मर्यादेबाहेर गेला, तर वादपत्र परत मिळून वरिष्ठ स्तराकडे जावे लागेल.

साठेकरार२०२१ : दावा वरिष्ठ स्तराकडेच आहे. मंजूर झाल्यावर लगेच काय करायचे?

निशाणी_पाच : आदेशात मुदत दिली नसेल तर 14 दिवसांत वादपत्रात प्रत्यक्ष दुरुस्ती करा (आदेश 6 नियम 18), सुधारित प्रत प्रतिवादीला द्या. तो जादा कैफियत (लेखी उत्तर) देईल, नवे मुद्दे निघतील. नामंजूर झाला तर अपील नाही, उच्च न्यायालयात राज्यघटनेच्या अनुच्छेद 227 खाली रिट.