एस्टोनियाचा आइस हॉकी बचावपटू आणि 'यात कारकीर्द कसली?' हा प्रश्न

निळी फेरी:
परवा इथे एकाने लिहिलं: "लाउरी लाहेसालूचं एवढं कौतुक कशाला? एस्टोनियाकडून वर्षानुवर्षं खालच्या गटात बचाव केला. पदक नाही, एनएचएल (उत्तर अमेरिकेतली सगळ्यात मोठी आइस हॉकी लीग) नाही. याला कारकीर्द म्हणत नाहीत, हजेरी म्हणतात." दोन दिवस गप्प बसले. आज राहवत नाही.

हा मुलगा १९७९ साली तालिनमध्ये जन्मला. एस्टोनियाला आंतरराष्ट्रीय आइस हॉकी संघटनेचं सदस्यत्व १९३५ मध्ये मिळालं होतं, १९३७ मध्ये फिनलंडशी सामनाही झाला, आणि १९४० मध्ये देशच सोव्हिएत संघाने गिळला. सदस्यत्व परत आलं ते थेट १९९२ मध्ये. म्हणजे हा तेरा वर्षांचा होईपर्यंत "मोठेपणी देशाकडून खेळेन" म्हणायला देशाचा संघच नव्हता. अशा ठिकाणी उभं राहून, पुढे फ्रान्समध्ये पोटापाण्यासाठी खेळत, पुन्हा पुन्हा राष्ट्रीय जर्सी घालायची, ही हजेरी वाटते तुम्हाला?

बचावपटू काय करतो ते मी काचेला नाक लावून पाहिलंय. २०१९ ची जागतिक अजिंक्यपदाची तिसऱ्या पायरीची स्पर्धा तालिनच्या तोंदिराबा हॉलमध्ये होती. सात दिवसांत पाच सामने. आमचा एक खेळाडू शिक्षा म्हणून बाहेर, पाचांपुढे चार. समोरच्याने काठी मागे खेचली आणि आमचा बचावपटू आडवा पडला. पक, म्हणजे खेळातली रबरी चकती, पोटरीच्या आतल्या बाजूला लागला, जिथे पॅड नसतो. पकचा आवाज टणक असतो, हा मऊ आला. तो एका पायावर सरकत बाकापर्यंत गेला, कठड्याला धरून ओणवा राहिला, आणि पुढच्या पाळीला परत बर्फावर. कागदावर याची नोंद कुठे? गोल नाही, असिस्ट नाही.

आकडेबाज:
परवाचं ते मीच लिहिलं होतं, आणि अजूनही तेच म्हणेन. पोटरीवर पक घेणारे बचावपटू सगळ्याच देशांत असतात. प्रश्न पातळीचा आहे. लिओ कोमारोव्ह एस्टोनियातच, रशियाच्या सीमेवरच्या नार्वात जन्मला. लहानपणीच कुटुंब फिनलंडला गेलं. २०११ मध्ये जगज्जेता, २०२२ मध्ये बीजिंगला ऑलिंपिक सुवर्ण, मधल्या काळात टोरोंटोकडून एनएचएल. तोइवो सूरसो एस्टोनियाकडूनच खेळला, त्याला १९९४ च्या ड्राफ्टमध्ये (एनएचएल संघ नवे खेळाडू निवडतात तो) डेट्रॉइटने २८३ व्या क्रमांकावर घेतलं, पण एनएचएलचा एकही सामना त्याच्या नावावर लागला नाही. म्हणजे शिडी कुठे संपते ते दिसतंच. साडेतेरा लाखांच्या देशात बचावफळीत जागा मिळवायला किती जणांशी स्पर्धा करावी लागते? जागा टिकली कारण मागे रांगच नव्हती.

निळी फेरी:
रांग नव्हती, हेच तर मी सांगतेय! मागे रांग असलेल्या माणसाला दुखावल्यावर घरी बसता येतं. इथे तो बसला तर त्याच्या वाटची मिनिटं उरलेल्या तिघा-चौघांच्या पायांत जातात.

माझा मुलगा सात वर्षांचा असल्यापासून रिंकवर जातो. त्याचे कोच दिवसभर गोदामात काम करतात, संध्याकाळी सहाला बर्फावर. डिसेंबरात साडेतीनलाच अंधार पडतो, हे माहीत असेलच. मागच्या हिवाळ्यात पोराला उलटं सरकत वळायला जमेना. कोच गुडघ्यावर बसले, त्याच्या बुटाची नाडी सोडून पुन्हा घट्ट बांधली आणि म्हणाले, बचाव करायचा तर आधी तोंड माणसाकडे, पक नंतर. हे त्यांना कोणी शिकवलं? पदकवाल्यांनी नाही. कोमारोव्ह फिनलंडमध्ये घडला, त्याचं सोनं फिनलंडच्या खात्यात. पोरांना शिकवायला इथे मागे उरलेलेच आहेत.

कसोटीप्रेमी:
आमच्या पद्माकर शिवलकरांची आठवण झाली. प्रथम श्रेणीत ५८९ बळी, एकही कसोटी नाही. अमोल मुझुमदार ११ हजारांवर धावा, तीच गत. मोठ्या देशात जन्मलं की आयुष्यभर दारात उभं राहायचं. लहान देशातल्या माणसाला निदान जर्सी तरी मिळाली. मला तर त्याचा हेवाच वाटतो. निवड समित्यांनी मुंबईवर जो अन्याय

आकडेबाज:
क्रिकेट नको हो इथे. दर धाग्यावर तेच.

नार्वाची सून:
इतका वेळ नुसतं वाचत होते, पण "लहान देशातल्या माणसाला निदान जर्सी मिळाली" हे वाचून तळपायाची आग मस्तकात गेली. कोणाला मिळाली?

माझं सासर नार्वाचं. सासूबाई-सासरे दोघंही क्रेनहोल्मच्या कापड गिरणीत. गिरणी १८५७ ची, २०१० मध्ये दिवाळ्यात निघाली. थोरले दीर १९७४ चे, तिथेच जन्मले, तिथल्याच रिंकवर बचावपटू म्हणून वाढले. १९९२ मध्ये कायदा आला: १९४० पूर्वीच्या नागरिकांचे वंशज आपोआप नागरिक, बाकीच्यांनी भाषेची परीक्षा द्या. भावजींच्या हाती आला करडा पासपोर्ट, परकीयाचा. नागरिकत्व नाही तर राष्ट्रीय संघ नाही, हा खेळाचाच नियम. नार्वात रस्त्यावर, गिरणीत, शाळेत सगळीकडे रशियन. एस्टोनियन शिकवणार कोण? दोनदा नापास झाले. २००३ मध्ये पास झाले तेव्हा वय २९, आणि उजवा गुडघा गेलेला.

परीक्षेच्या निकालाचं ते पत्र आलं तो दिवस मला नवऱ्याने कितीदा सांगितलाय. सासूबाईंनी पत्र टेबलावर ठेवून वर ताटली पालथी घातली होती, उडू नये म्हणून. भावजींनी ताटली उचलली, वाचलं, पुन्हा झाकून ठेवलं आणि रात्रपाळीला गेले.

तेव्हा निळी फेरी, तुमच्या नायकाचा मान तुम्ही जरूर राखा. पण सातत्य सातत्य म्हणता ना, ते काहींना आजोबांच्या कागदावर मिळालं.

तार्तूचा विद्यार्थी:
ताई, दिरांचं वाईट वाटलं, पण ही एकच बाजू झाली. पन्नास वर्षं ज्यांच्या देशात सोव्हिएत सत्तेने बाहेरून माणसं आणून वसवली, त्यांनी "आता आमची भाषा शिका" म्हणणं हा अन्याय? जिथे राहतो तिथली भाषा यायलाच हवी. मी इथे तीन वर्षांत बी-वन, म्हणजे मध्यम पातळीची भाषा परीक्षा पास झालो. चौदा विभक्ती पाठ केल्या, लायब्ररीत काम करत. जमतं. आणि राष्ट्रीय संघाच्या याद्या काढून बघा. आंद्रेई माक्रोव्ह हे नाव रशियन नाही तर काय वाटतं तुम्हाला?

नार्वाची सून:
तुम्ही विद्यापीठात शिकायला आलात, पदवी घेऊन, विशीत, शिक्षकांच्या शहरात. गिरणीत तीन पाळ्या करणाऱ्या घरातल्या पोराशी स्वतःची तुलना करताना जरा तरी विचार करा. आणि "वसवली" म्हणता ती माझी सासू आहे. तिला आणलं तेव्हा ती अठरा वर्षांची होती, तिला कोणी विचारलं नव्हतं.

तार्तूचा विद्यार्थी:
सासूबाईंना मी काही बोललो नाही. धोरणाबद्दल बोललो. आमच्या घरमालकीणबाईंच्या वडिलांना १९४९ च्या मार्चमध्ये सैबेरियाला नेलं, त्या तेव्हा चार वर्षांच्या. त्यांच्यासमोर बसून "भाषेची सक्ती नको" असं म्हणायची हिंमत मला तरी होणार नाही. २०२४ पासून रशियन शाळांत एस्टोनियन माध्यम सुरू झालं, ते तीस वर्षं आधी व्हायला हवं होतं. झालं असतं तर तुमच्या दिरांनाही शिकवायला कोणी असतं.

कसोटीप्रेमी:
हेच मुंबईत केलं असतं तर

निळी फेरी:
मुंबई नको! हात जोडते. हा धागा एका बचावपटूचा होता.

नार्वाची सून, तुमच्या दिरांचं वाचून मी बराच वेळ नुसती बसून राहिले. कोणाला जर्सी मिळाली आणि कोणाच्या वाट्याला ती यायलाच दिली नाही, हा हिशेब मी केलाच नव्हता. माझ्या मुलाच्या ड्रेसिंग रूममध्ये निम्मी पोरं रशियन बोलतात, कोच दोन्ही भाषांत ओरडतात, आणि मला ते इतकं सवयीचं झालंय की त्यामागे काय असेल हे कधी मनात आलं नाही. पण त्यामुळे लाहेसालूचा घाम कमी होत नाही. ज्याला संधी मिळाली त्याने ती निसटू दिली नाही, एवढंच माझं म्हणणं.

आकडेबाज:
एक मान्य करतो, आणि एकच. "मागे रांग नव्हती" हे मी त्याच्याविरुद्ध लिहिलं होतं. नार्वाची सून यांचं वाचल्यावर कळतंय की रांग होती, तिला कागदांसाठी बाहेर थांबवलं होतं. त्यामुळे माझा मुद्दा दुबळा झाला, तेवढा मागे घेतो. २०१९ चा निकालही पुन्हा काढून बघितला. रोमेनिया वर गेला, नेदरलँड्स खाली, एस्टोनिया टिकला. पोलंड, जपान, युक्रेन असलेल्या गटात टिकणं सोपं नव्हतं, हेही लिहून ठेवतो. पण पातळी ती पातळी. जगातली तिसरी पायरी ही तिसरीच असते, आणि कोमारोव्हशी तुलना मी सोडणार नाही.

निळी फेरी:
तुलना करा ना, पण एकाच मापाने करा. कोमारोव्हच्या पाठीशी अख्खं फिनलंड होतं: गावोगावी रिंक, पगारी कोच, वरची लीग. तालिनहून हेलसिंकी फेरीने दोन तास. त्या दोन तासांत सगळं बदलतं. इथली चांगली पोरं पंधरा-सोळाव्या वर्षी त्याच फेरीने जातात. माझाही जाईल कदाचित. आणि तो गेला की मी बंदरावर उभी राहून त्याला काय सांगणार, फिनलंडचा हो की परत ये? मला खरंच माहीत नाही. म्हणून जे परत येत राहिले त्यांच्याबद्दल कोणी "हजेरी" म्हटलं की मला लागतं.

नार्वाची सून:
रात्री भावजींना हा धागा वाचून दाखवला, जमेल तसं भाषांतर करून. ते अजून रिंकवरच असतात, पोरांच्या स्केट्सना धार लावून देतात. सगळं ऐकून घेतलं. आकडेबाजांच्या "हजेरी" या शब्दावर थांबवलं मला. म्हणाले, बचावपटूचं काम हजेरीचंच असतं, गोलपोस्टच्या डाव्या खांबाशी ज्या क्षणी असायला हवं त्या क्षणी असणं. मग विचारलं, तो विद्यार्थी खरंच तीन वर्षांत पास झाला? मी हो म्हटलं. "पुस्तक कुठलं वापरलं विचार," म्हणाले. सासूबाईंसाठी हवंय. वय ७७, अजून करडा पासपोर्टच आहे.

शनिवारी इथे पोरांचे सामने आहेत, सकाळी अकरापासून. यायचं असेल तर या.

तार्तूचा विद्यार्थी:
पुस्तकं दोन आहेत, दोन्ही घेऊन येतो, माझ्या खुणांसकट. आजींना अक्षर बारीक वाटेल, म्हणून पहिले धडे मोठ्या टाइपात छापून आणतो. बसचं बघतो.

भाषेबद्दलचं माझं मत मात्र तेच आहे.

नार्वाची सून:
माझंही तेच आहे. स्टेशनवर भावजी येतील घ्यायला, उजव्या पायाने किंचित लंगडतात, ओळखाल.