मदत हवी आहे : फ्रेंच अभिनेत्री सिल्वीच्या रंगभूमीवरील कामाविषयी

नमस्कार मंडळी,

सिल्वी (१८८३–१९७०) या फ्रेंच चरित्र अभिनेत्रीवर आमच्या छोट्या फिल्म क्लबसाठी टिपण लिहितेय. सिनेमांची माहिती बऱ्यापैकी जमली आहे. क्लूझोच्या १९४३च्या ‘ल कोर्बो’मधली काळ्या कपड्यांतली आई, त्याच वर्षीच्या ब्रेसाँच्या पहिल्या मोठ्या चित्रपटातली मठप्रमुख. आणि कार्नेच्या ‘तेरेझ राकॅं’मधली (१९५३) सासू! अर्धांगवायूने वाचा गेलेली, खुर्चीला खिळलेली ती बाई नुसत्या डोळ्यांनी सुनेला आरोपीच्या पिंजऱ्यात उभं करते. इतका धाक मी पडद्यावर क्वचितच पाहिलाय.

गंमत म्हणजे मुख्य भूमिकेसाठी तिचं नाव झालं ते ऐंशी ओलांडल्यावर. रने आलियोच्या १९६५च्या चित्रपटात ती मार्सेयमधली विधवा झाली. ब्रेख्तच्या कथेवरचा हा सिनेमा. नवरा गेल्यावर ही आजी मुलांचं न ऐकता स्वतःसाठी जगायला लागते. या कामासाठी तिला अमेरिकेतल्या राष्ट्रीय समीक्षक संघटनेचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

पण ती मुळात नाटकातली. तिथली कारकीर्द विसाव्या शतकाच्या सुरुवातीपासूनची, आणि त्याशिवाय टिपण लंगडंच राहील. म्हणून विचारते: तिच्या रंगभूमीवरच्या कामावर इंग्रजीत किंवा सोप्या फ्रेंचमध्ये पुस्तक, लेख सुचवाल का? पॅरिसमध्ये कुणी असेल तर राष्ट्रीय ग्रंथालयाच्या रिशल्यू इमारतीतल्या नाट्यविभागात जुनी कात्रणं पाहायला परवानगी कशी काढायची, तेही सांगा. आलियोच्या चित्रपटाची इंग्रजी सबटायटल्स असलेली प्रत कुठे मिळेल?