फुटबॉलपटूंच्या आयुष्यावरची पुस्तकं सुचवा (ट्रॉफ्यांची यादी नको)

गोलपोस्टमागचा
मंडळी, फुटबॉलवरची पुस्तकं सुचवा ना. मॅच बघतोच, पण वाचायला म्हणून काही घेतलं की दर वेळी कुठल्यातरी मोठ्या स्टारचं आत्मचरित्र हातात येतं आणि निम्म्यातच कंटाळा येतो, सगळीकडे तेच, लहानपणी गल्लीत खेळायचो, मग स्काउटने बघितलं, मग ही फायनल ती फायनल, ड्रेसिंग रूममध्ये सगळे भावासारखे आणि कोच वडिलांसारखे. अरे पण दुखापत होऊन घरी बसला होतास तेव्हा डोक्यात काय चालायचं ते सांग की! टॅक्टिक्सची पुस्तकं नकोत, ती वेगळी. माणूस कळेल असं काहीतरी हवंय. इंग्रजी चालेल.

साधा_लेफ्टबॅक
तक्रार खरीये तुमची, पण आपण पुस्तकं घेतो ती जिंकलेल्यांचीच. ज्याला अजून त्याच क्लबात खेळायचंय तो खरं कशाला बोलेल? ज्यांचं नीट जमलं नाही त्यांची वाचा.

पहिलं नाव घेईन एमन डन्फीच्या 'ओन्ली अ गेम?'चं. हा स्वतः खेळाडू, १९७३-७४ च्या सीझनची त्याची डायरी आहे, टीम मिलवॉल, इंग्लंडच्या दुसऱ्या डिव्हिजनमधली. सुरुवातीला सगळा जोश, यंदा वर जायचंच वगैरे, मग टीम हरायला लागते, मग हा स्वतःच टीमबाहेर जातो आणि तिथून पुढे पुस्तक खाली ठेववत नाही. बाहेर बसवलेल्या खेळाडूला आपलीच टीम हरावी असं आतून वाटत असतं हे तो सरळ लिहून टाकतो. स्टार लोकांपैकी कुणी असं लिहिलंय, दाखवा.

दुसरं 'कीपर ऑफ ड्रीम्स', लेखक रोनाल्ड रेंग. लार्स लीझ नावाचा जर्मन गोलकीपर, हौशी लीगमधला, नोकरी करून खेळणारा, तो बघता बघता लेव्हरकूझेन या मोठ्या जर्मन क्लबचा राखीव गोली होतो आणि १९९७ मध्ये बार्न्सली या इंग्लिश क्लबकडून थेट लिव्हरपूलच्या ॲनफिल्ड मैदानावर उतरतो. लिव्हरपूल ०, बार्न्सली १. नंतर काय होतं ते वाचाच, वर जायला जेवढा वेळ लागला त्याहून कमी वेळ खाली यायला लागतो.

रेंगचंच तिसरं, 'अ लाइफ टू शॉर्ट', रॉबर्ट एन्केवर. हा जर्मनीच्या नॅशनल टीमचा गोलकीपर, नोव्हेंबर २००९ मध्ये त्याने आत्महत्या केली. रेंग त्याचा मित्र, दोघं मिळून पुस्तक लिहिणार होते, शेवटी एकट्याने लिहावं लागलं. बार्सिलोनात असताना २००२ मध्ये नोव्हेल्डा नावाच्या खालच्या डिव्हिजनच्या टीमकडून कप स्पर्धेत हरले आणि खापर याच्यावर फुटलं, ते प्रकरण वाचल्यापासून गोलीला शिव्या घालताना माझी जीभ जरा अडखळते.

मिडफिल्ड_मास्तर
वरचं निम्मं पटलं. स्टार आहेत म्हणून सगळेच बाद करू नका हो. स्वीडनच्या झ्लाटान इब्राहिमोविचचं पुस्तक (२०११) घ्या, माल्मोची रोझेनगार्ड वस्ती, सायकली चोरणं, घरी फ्रिज रिकामा, आणि पुढे पैसा आला तरी तो राग काही जात नाही, बार्सिलोनातला त्याचा कोच ग्वार्डिओलाबद्दल तर जे काही बोललाय!

पण त्यातली खरी गंमत लेखकाची आहे. ते लिहिलंय डाव्हिड लागरक्रांट्झने, तो कादंबरीकार, आणि त्याने नंतर स्वतःच सांगितलं की वाक्यं झ्लाटानच्या तोंडची जशीच्या तशी नाहीत, त्याचा आवाज पकडून मी लिहिली. मग पुस्तक खोटं का? मला नाही वाटत. उलट टेप रेकॉर्डर लावून उतरवलेली पुस्तकंच जास्त बेजान निघतात.

अर्थात याची किंमत पण मोजावी लागते. मँचेस्टर युनायटेडच्या रॉय कीनचं २००२ चं आत्मचरित्र याच डन्फीने लिहिलेलं. त्यात २००१ च्या मँचेस्टर डर्बीतल्या टॅकलबद्दल (आल्फ-इंगे हालांडला मारलेला, म्हणजे आताच्या हालांडचे वडील) असं काही छापलं गेलं की एफएने (इंग्लंडची फुटबॉल संघटना) कीनला ५ मॅचची बंदी आणि दीड लाख पौंड दंड ठोकला. शब्द माझे आहेत, असं डन्फी सुनावणीत सांगत होता, काही उपयोग झाला नाही. कीनचं दुसरं पुस्तक २०१४ चं, कादंबरीकार रॉडी डॉइलबरोबर, ते जास्त मोकळं आणि विनोदी आहे.

तर माझा सल्ला, पुस्तक घेताना कव्हरवरच्या फोटोकडे बघू नका, खाली बारीक अक्षरात ज्याचं नाव असतं तो कोण ते बघा. हलकंफुलकं हवं असेल तर इटलीच्या पिर्लोचं 'आय थिंक देअरफोर आय प्ले'. २००६ च्या वर्ल्ड कप फायनलच्या दुपारी हा माणूस झोपा काढत आणि प्लेस्टेशन खेळत होता.

नव्वदावं_मिनिट
कुणीच 'द मिरॅकल ऑफ कास्तेल दि सांग्रो'चं नाव घेतलं नाही?? इटलीतलं डोंगरातलं पाचेक हजार वस्तीचं गाव, त्यांची टीम चढत चढत सेरी बीमध्ये (इटलीची दुसरी डिव्हिजन) पोचते आणि जो मॅकगिनिस नावाचा अमेरिकन लेखक १९९६-९७ चा अख्खा सीझन त्यांच्यासोबत राहतो. कोचला टॅक्टिक्स शिकवायला जातो, लोक वैतागतात, मधेच दोन खेळाडू अपघातात जातात, आणि बारी नावाच्या टीमविरुद्धच्या शेवटच्या मॅचपाशी पुस्तकाचा सूरच बदलतो. लेखक थोडा आगाऊ आहे, सहन करा.

गोलपोस्टमागचा
वा, एवढं येईल असं वाटलं नव्हतं. एन्केचं लगेच झेपेल का शंका आहे. आणि हे सगळे युरोपचेच झाले की, ब्राझील वगैरे? बायकांच्या फुटबॉलवर काही?

पाचव्या_रांगेतली
गारिंचा! रुय कास्त्रोने लिहिलेलं चरित्र, इंग्रजीत आहे. पाय वाकडे, १९६२ च्या वर्ल्ड कपमध्ये पेले जखमी होऊन बाहेर गेल्यावर ब्राझीलला यानेच ओढून नेलं, आणि ४९ व्या वर्षी दारूने गेला. कास्त्रो त्याला देव करत नाही, बिचारा पण करत नाही, म्हणून आवडलं. घरच्यांनी पुस्तकावर केस केली होती.

बायकांचं म्हणाल तर सुझॅन रॅकचं 'अ वुमन्स गेम' (२०२२). एकाच खेळाडूचं आयुष्य नाही, इतिहास आहे, पण त्यातल्या डिक कर लेडीजबद्दल वाचून चिडचिड होते. फॅक्टरीतल्या मुली, १९२० च्या बॉक्सिंग डेला (२६ डिसेंबर) लिव्हरपूल शहरातल्या गुडिसन पार्कवर यांची मॅच बघायला ५३ हजार लोक, आणि पुढच्याच वर्षी एफएने बायकांना आपल्या क्लबांच्या मैदानांवर बंदी घातली, ती जवळपास पन्नास वर्षं!!

आणि एन्केचं पुस्तक मन बरं असेल तेव्हाच घ्या, घाई नाही. आधी डन्फी वाचा, लहान आहे.

नव्वदावं_मिनिट
+१ डन्फी आधी. आणि कास्तेल दि सांग्रो घेतलंत तर त्या बारीच्या मॅचबद्दल नेटवर शोधत बसू नका, सगळी मजा जाईल.