संत्र्याची साल आणि बेरीचा रस: घरी भाजलेल्या कॉब्लरचे अनुभव

मार्चमध्ये इंदूरच्या बाजारात काही मोजके दिवस असे येतात की, हंगाम संपत आलेली स्ट्रॉबेरी, नुकतीच उतरू लागलेली तुती आणि मृग बहाराची संत्री एकाच हातगाडीवर मांडलेली दिसतात. गेली चार वर्षे मी याच दिवसांत घरी कॉब्लर करते आणि दर वर्षी मला त्याविषयी कुणाशी तरी सविस्तर बोलावेसे वाटते, म्हणून हा धागा काढत आहे. ज्यांनी हा पदार्थ केलेला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. कॉब्लर हा अमेरिकेतला घरगुती गोड पदार्थ आहे. खोलगट भांड्यात साखर लावलेली फळे पसरायची, त्यांवर मैद्याच्या मऊ पिठाचे गोळे सोडायचे आणि ओव्हनमध्ये भाजायचे. ‘पाय’ या पाश्चात्त्य पदार्थाला असते तशी याला खाली पारी नसते, लाटणे नसते आणि अंडेही लागत नाही. आपल्या शाकाहारी घरांत तो सहज रुळतो, याचे तेही एक कारण आहे.

माझा पहिला कॉब्लर मात्र वाढताना पातळ रसात बुडाला. वरचे गोळे पंचविसाव्या मिनिटालाच तांबूस झाले म्हणून मी भांडे बाहेर काढले होते, आणि फळे शिजलेली असूनही रस पाण्यासारखा वाहत होता. कॉर्नफ्लोअर रसाला दाटपणा देते, परंतु त्यासाठी तो रस भांड्याच्या मध्यभागीसुद्धा उकळावा लागतो. कडेचा रस लवकर उकळतो आणि आपली फसगत होते. आता मी १९० अंश सेल्सिअसवर ४५ मिनिटे भाजते, वरचा रंग आधीच आला तर फॉइल झाकते, आणि मध्यभागी जाड, संथ बुडबुडे फुटू लागल्याशिवाय ओव्हन बंद करत नाही. त्यानंतर अर्धा तास भांड्याला हात लावायचा नाही, कारण रस थंड होता होताच आळतो.

आठ इंची भांड्यासाठी माझे प्रमाण ३५० ग्रॅम स्ट्रॉबेरी, २५० ग्रॅम तुती, १०० ग्रॅम साखर, २ मोठे चमचे कॉर्नफ्लोअर, एका संत्र्याची किसलेली साल, २ मोठे चमचे संत्र्याचा रस, १ मोठा चमचा लिंबाचा रस आणि चिमूटभर मीठ असे आहे. वरच्या थरासाठी १५० ग्रॅम मैदा, ३० ग्रॅम साखर, दीड लहान चमचा बेकिंग पावडर, ७० ग्रॅम फ्रीजमधले कडक बटर आणि एकत्र फेटलेले सुमारे १०० मिलीलिटर दही-दूध घेते. बटर मैद्यात बोटांच्या टोकांनी चोळायचे, वाटाण्याएवढे तुकडे राहू द्यायचे आणि दही-दूध घातल्यावर पीठ मळायचे नाही, केवळ गोळा करायचे.

सालीविषयी मात्र मला मनापासून लिहावेसे वाटते, कारण माझ्या मते या पदार्थाची ओळख सालीतच आहे. संत्र्याचा सुगंध रसात फारसा नसतो. तो सालीवरच्या बारीक ठिपक्यांमधल्या तेलात असतो, आणि साल साखरेत टाकून बोटांनी चोळली की साखर ओलसर, केशरी होते आणि स्वयंपाकघरभर वास पसरतो. नागपुरी संत्र्याची साल सैल असते, त्यामुळे सोललेली साल किसणीवर धरवत नाही. फळ अखंड असतानाच हलक्या हाताने किसावे, आणि पांढरा भाग दिसू लागला की जागा बदलावी, कारण तो कडू असतो. आपल्या घरी कोणती फळे वापरली जातात, भट्टी कोणती आहे, काय बिघडले आणि कसे सुधारले, हे आपण सर्वांनी लिहावे अशी विनंती आहे.

राजेंद्र नगर, इंदूर येथून उत्तर

ताई, आमच्या घरी ओव्हन नाही, परंतु माळव्यातल्या पुष्कळ घरांप्रमाणे गॅसवर ठेवायचा बाटीचा ओव्हन आहे, ज्यात रविवारी बाफले, म्हणजे आधी उकडलेल्या बाट्या, भाजले जातात. निवृत्त झाल्यावर स्वयंपाकाची गोडी लागली, तेव्हा मी त्यातच कॉब्लर करून पाहिला. उष्णता खालून येत असल्यामुळे पहिल्या दोन वेळा फळे तळाला लागली आणि वरचे गोळे पांढुरके राहिले. तिसऱ्या वेळी जाळीवर एक रिकामी ताटली पालथी घातली, तिच्यावर भांडे ठेवले, ज्योत मंद केली आणि झाकण पंचावन्न मिनिटे उघडले नाही. गोळ्यांवर आधी दूध लावून वर थोडी साखर भुरभुरवली होती, त्यामुळे रंगही बऱ्यापैकी आला. हा रंग ओव्हनसारखा येत नाही हे मान्य करायला हवे, परंतु कवच मात्र अधिक कुरकुरीत होते, कदाचित आतली हवा कोरडी असल्यामुळे.

भांड्याविषयी एक गोष्ट आवर्जून सांगतो. सुरुवातीला मी अ‍ॅल्युमिनियमचा केकचा डबा वापरत होतो आणि रसाला धातूची चव येत होती. तुती आणि लिंबू दोन्ही आंबट, आणि आंबट रस अ‍ॅल्युमिनियमशी प्रक्रिया करतो. स्टीलचा खोलगट डबा घेतल्यापासून ती चव गेली. काचेचे भांडे थेट ज्योतीवरच्या साधनात ठेवण्याचे धाडस कृपया कोणी करू नये.

टिळक नगर, इंदूर

माझा अनुभव जांभळांचा आहे. जांभूळ ही आपली बेरीच आहे असे मी मानते, आणि आषाढात ती टोपल्यांनी येतात तेव्हा दर वर्षी हा प्रयोग होतो. एक किलो जांभळांचा गर बियांपासून सोडवायला मला तासभर लागतो आणि बोटे दोन दिवस जांभळी राहतात, पण त्या तुरट गोडीला तोड नाही.

पहिल्या वर्षी पिठात दही होते म्हणून मी पाव चमचा खाण्याचा सोडाही घातला. भाजून झाल्यावर गोळे छान फुगले होते, परंतु चमचा घातला तर गोळ्यांचा खालचा, फळाला टेकलेला भाग राखाडी-हिरवा झालेला होता. घरातल्या मुलांनी तो खायला नकार दिला आणि मलाही काही खराब झाले असावे अशी शंका आली. नंतर कारण कळले. जांभूळ, तुती, ब्लूबेरी यांचा रंग अँथोसायनिन नावाच्या द्रव्यामुळे असतो, जे आम्लात लालसर राहते आणि अल्कली मिळाली की निळे-हिरवे होते. दह्याला पुरून उरलेला सोडा रसात उतरला आणि रंग बदलला. खायला त्यात धोका नव्हता, तरी दिसण्याने मन मागे सरले. आता मी सोडा अजिबात घालत नाही, फक्त बेकिंग पावडर घालते, आणि जांभळाच्या गरात लिंबाचा रस दीड मोठा चमचा करते. रस गडद माणकासारखा राहतो.

जांभळाबरोबर संत्र्यापेक्षा लिंबाची साल अधिक शोभते, असे माझे ठाम मत झाले आहे. पावसाळ्यात चांगली संत्री तशीही नसतात.

स्नेहलतागंज, इंदूर

माझा प्रश्नही आहे आणि अनुभवही. रस घालण्याऐवजी मी संत्र्याच्या पाकळ्या बियांसह तुकडे करून घातल्या होत्या. पापुद्रे चामट झाले आणि दुसऱ्या दिवशी उरलेला भाग चक्क कडू लागला. असे का व्हावे?

(याचे उत्तर धागा काढणारी मीच देते. संत्र्याच्या बियांत आणि पापुद्र्यांत असे घटक असतात, की पाकळी चिरल्यावर किंवा रस काढून ठेवल्यावर त्यांतून लिमोनिन हळूहळू तयार होते आणि कडवटपणा वाढत जातो. म्हणून रस आयत्या वेळी काढावा, बी चिरडू नये, आणि पाकळ्या हव्याच असतील तर पापुद्रा सोलून फक्त आतला गर घ्यावा, तोही वाढताना वरून.)

वल्लभ नगर, इंदूर

चार वर्षांपूर्वी रंगपंचमीची गेर, म्हणजे रंगांची मिरवणूक, पाहून आम्ही राजवाड्याहून परतत होतो आणि दुसऱ्या दिवशी येणाऱ्या पाहुण्यांसाठी काही नवे करावे असे मनात होते. हाताशी असलेल्या पाककृतीत रास्पबेरी लिहिली होती. माझ्या जाऊबाई म्हणाल्या, “अगं, म्हणजे रसभरी! ती तर मंडीत ढिगाने मिळते.” त्यांचे म्हणणे बरोबरच वाटले, कारण हिंदीत रास्पबेरीलाही रसभरी म्हणतात. त्यांनी आणलेली रसभरी मात्र आपली नेहमीची होती, कागदासारख्या वाळक्या आवरणातली, पिवळी-नारिंगी आणि टोमॅटोच्या कुळातली. रास्पबेरीशी तिचा काहीही संबंध नाही, हे मला फळे भांड्यात पडल्यावर आठवले.

पाहुणे दोन तासांवर आले होते, म्हणून मी तेच पुढे नेले. रसभरी भाजताना फुटते, आतल्या बारीक बिया दाताखाली येतात, आणि तिची आंबटगोड चव संत्र्याच्या सालीशी अशी मिसळते की दोन्ही एकाच झाडाची फळे असावीत असे वाटते. रस कमी सुटतो, त्यामुळे कॉर्नफ्लोअर मी एकच मोठा चमचा घातले होते आणि तेवढे पुरले. मोठी फळे अर्धी कापावीत, नाहीतर सालीमुळे साखर आत शिरत नाही. त्या दिवसापासून आमच्या घरी होळी ते रंगपंचमीच्या दिवसांत रसभरीचाच कॉब्लर होतो, आणि रास्पबेरी मी कधी आणलीच नाही. परदेशी पाककृतीतले फळ शोधत शहरभर फिरण्यापेक्षा आपल्या मंडीत त्या आठवड्यात काय पिकले आहे ते पाहावे, असे मला अगदी आग्रहाने सांगावेसे वाटते.

लोकमान्य नगर, इंदूर

आमच्या घरी बाहेरचे बटर फारसे येत नाही, म्हणून मी कडक झालेल्या साजूक तुपात पीठ चोळले. सासूबाईंनी एक घास घेऊन सांगितले, “ही तर नानकटाई झाली,” आणि त्यांचे म्हणणे शब्दशः खरे होते. बटरमध्ये सुमारे सोळा टक्के पाणी असते, त्याची भट्टीत वाफ होते आणि त्या वाफेने थर सुटतात. तुपात पाणी जवळजवळ नसते, त्यामुळे पीठ फुगण्याऐवजी खुसखुशीत, भुरभुरीत होते. सासूबाईंना ते इतके आवडले की आता आमच्याकडे दोन्ही प्रकार होतात. तुपाचा करायचा असेल तर तूप ७० ऐवजी ५५ ग्रॅम घ्यावे आणि दही-दूध दोन चमचे वाढवावे, अन्यथा तूप फळांत उतरते आणि रस तेलकट दिसतो. घरचे लोणी वापरणाऱ्यांनी ते मलमलीत बांधून ताक पूर्ण निथळू द्यावे.

नवलखा परिसर, इंदूर

भाड्याच्या खोलीत राहतो, छोटा ओटीजी (विजेवरचा ओव्हन) आहे, आणि ताजी बेरी परवडत नाही, म्हणून गोठवलेली मिश्र बेरी वापरतो. एकच सांगण्यासारखे आहे. ती आधी वितळवू नये. वितळवली की पाणी वेगळे होते आणि फळांचा लगदा उरतो. फ्रीजरमधून थेट साखर-कॉर्नफ्लोअरमध्ये घोळवावी, भांड्यात घालावी आणि नेहमीपेक्षा दहा मिनिटे अधिक भाजावे. ओटीजीच्या वरच्या आणि खालच्या दोन्ही रॉड चालू ठेवून पंधरा मिनिटे आधी तापवल्याशिवाय भांडे आत ठेवू नये.

बडोद्याहून, माहेर इंदूरचे

बडोद्यात मे महिन्यात मिळणाऱ्या फालशांचा कॉब्लर केला. चव अप्रतिम, परंतु बिया टणक असल्यामुळे अखंड फालसा घालून चालत नाही. गर चाळणीतून गाळावा लागतो, मग भांड्यात फळाचे तुकडे उरत नाहीत आणि नुसती आळलेली चटणी होते. म्हणून मी अर्ध्या प्रमाणात पिकलेल्या चिकूच्या फोडी घातल्या आणि लिंबाचा रस वाढवला. चिकू गोड असल्यामुळे साखर ७० ग्रॅमवर आणली. वडिलांना मधुमेह आहे, त्यांना लहान वाटीत वरचा गोळा न घालता दोन चमचे दिले, तेवढे ते आनंदाने खातात.

टिळक नगरहून पुन्हा

उरलेल्या कॉब्लरचे काय करावे हे कोणी लिहिले नाही, म्हणून एक शेवटची भर घालते. रात्रभर फ्रीजमध्ये राहिलेले गोळे ओले आणि जड होतात, आणि मायक्रोवेव्हमध्ये गरम केल्यास आणखी चिवट होतात. सकाळी भांडे झाकण न लावता १६० अंशांवर दहा-बारा मिनिटे ठेवले की कवच पुन्हा कोरडे होते. थंड काचेचे भांडे तापलेल्या ओव्हनमध्ये लगेच ठेवू नये, आधी ते बाहेर काढून खोलीच्या तापमानाला येऊ द्यावे. आमच्याकडे त्याबरोबर आइस्क्रीम नसते. श्रीखंडासाठी बांधलेल्या चक्क्यातला वाटीभर चक्का थोड्या पिठीसाखरेत फेटायचा, वरून संत्र्याची ताजी साल किसायची आणि गरम कॉब्लरशेजारी तो थंड चक्का वाढायचा. सालीचा वास तेव्हा दुसऱ्यांदा येतो, आणि यंदा आमच्याकडे त्या वासानेच सगळे पानावर येऊन बसले.