बर्लिन ते व्हिएन्ना रेल्वेने: वयस्कर आई-बाबांबरोबर प्रागला थांबावे का?

पार्लेकर (प्रश्न):

नोव्हेंबरच्या पहिल्या पंधरवड्यात, मुलीला दिवाळीची सुट्टी असताना, आम्ही मुंबईहून विमानाने बर्लिनला जाणार असून परतीचे विमान व्हिएन्नाहून घेणार आहोत. मधला प्रवास रेल्वेने करावा अशी बाबांची फार इच्छा आहे. त्यांची सारी नोकरी मध्य रेल्वेत झाली आणि युरोपातील रेल्वे एकदा आतून पाहावी, हे त्यांच्या मनात पुष्कळ वर्षांपासून आहे. आई-बाबा दोघांनीही सत्तरी ओलांडली आहे आणि आईला जिने चढणे जड जाते. प्रवास एका दमात करावा की प्रागला थांबावे, तिकिटाबरोबर बसायची जागा मिळते की ती वेगळी राखावी लागते, आणि जर्मनी व ऑस्ट्रिया या दोन्ही देशांत सारखेच दिवस राहणार असल्यास व्हिसा कोणाकडे मागायचा, याविषयी जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावे. घरचे सर्व शाकाहारी आहेत, म्हणून गाडीतील खाण्याविषयीही लिहावे.

रूळप्रेमी, ठाणे:

प्रागमार्गेच जा आणि तिथे एक रात्र तरी मुक्काम करा, असे माझे स्पष्ट मत आहे. बर्लिन ते प्राग साधारण सव्वाचार तास आणि प्राग ते व्हिएन्ना साधारण चार तास लागतात. हे अंतर सलग कापल्यास अख्खा दिवस बसण्यात जातो, तर दोन दिवसांत विभागल्यास आईंना त्रास होणार नाही आणि बाबांना खिडकीबाहेर पाहण्याइतका उत्साहही उरेल. रेल्वेच्या माणसासाठी तर हा मार्ग विशेष आहे. या तीन राजधान्यांना जोडणारी 'विंडोबोना' ही गाडी १९५७ साली सुरू झाली, म्हणजे युरोप दोन गटांत विभागलेला असतानाही ती पूर्व बर्लिनहून निघून व्हिएन्नाला पोहोचत असे. विंडोबोना हे व्हिएन्नाचे रोमन काळातील नाव आहे.

आता तिकिटाविषयी. आपल्याकडे आरक्षित तिकीट म्हटले की त्यात डबा आणि आसन ठरलेले असते. जर्मनी, चेकिया आणि ऑस्ट्रिया येथील बहुतेक लांब पल्ल्याच्या गाड्यांत मात्र तिकीट आणि आसन या दोन स्वतंत्र गोष्टी आहेत. तिकीट असले की गाडीत चढण्याचा अधिकार मिळतो आणि प्रतीक्षायादीचा प्रश्नच येत नाही, परंतु आसन राखले नसेल तर गर्दीच्या दिवशी उभे राहण्याची किंवा कुटुंबाने निरनिराळ्या डब्यांत विखुरण्याची वेळ येते. आसनासाठीची वेगळी रक्कम तिकिटाच्या मानाने अल्प असते, तेव्हा वयस्कर माणसे बरोबर असताना ती वाचवू नये. प्राग-व्हिएन्ना मार्गावर रेजिओजेट या खासगी कंपनीच्या पिवळ्या गाड्याही धावतात आणि त्यांच्या तिकिटातच आसन धरलेले असते.

लवकर घेतलेले सवलतीचे तिकीट बरेच स्वस्त पडते, पण ते त्याच तारखेच्या त्याच गाडीपुरते वैध असते आणि रद्द केल्यास पैसे परत मिळण्याची शक्यता फार कमी असते. म्हणून व्हिसा हाती येईपर्यंत थांबावे, किंवा रद्द करता येणारे महाग तिकीट घ्यावे. तिकीट घेण्यापूर्वी जर्मन आणि चेक या दोन्ही रेल्वेंच्या संकेतस्थळांवर भाडे पाहावे, कारण एकाच गाडीचे दर दोन्हीकडे वेगवेगळे असू शकतात.

गाडी सकाळचीच निवडावी. नोव्हेंबरमध्ये तिकडे साडेचारच्या सुमारास सूर्य मावळतो, आणि ड्रेस्डेन सोडल्यावर एल्बे नदीच्या काठाने जाणारा पट्टा अंधारात गेला तर या मार्गावरचे सर्वांत मोठे सुख हुकेल. प्रागच्या दिशेने जाताना नदी डाव्या हाताला राहते, म्हणून शक्य झाल्यास डावीकडच्या खिडक्या मागाव्यात. वालुकाश्माचे उभे कडे, बास्टायचे सुळके, पलीकडच्या तीरावरचा सपाट माथ्याचा लिलियनश्टाइन डोंगर, हे सारे त्याच बाजूला दिसते; केनिगश्टाइनचा किल्ला मात्र उजवीकडे उंचावर आहे.

बर्लिनच्या मुख्य स्थानकात प्रागच्या गाड्या खालच्या पातळीवरील फलाटांवरून सुटतात आणि तिथपर्यंत लिफ्ट आहे. फलाटाचे अ, ब, क असे भाग पाडलेले असतात, आणि कोणता डबा कोणत्या भागासमोर येईल हे फलकावर आधीच दाखवतात. ते पाहून उभे राहिल्यास सामान घेऊन धावपळ करावी लागत नाही, कारण मधल्या स्थानकांवर गाडी अगदी थोडा वेळ थांबते आणि हमाल मिळेल असे गृहीत धरता येत नाही. सामान मोजकेच न्या.

नियमावली, बोरिवली:

व्हिसाविषयी लिहितो. जर्मनी, चेकिया आणि ऑस्ट्रिया हे तिन्ही देश शेंगेन क्षेत्रात (सामायिक व्हिसा असलेल्या युरोपीय देशांच्या गटात) असल्यामुळे एकच व्हिसा पुरतो. ज्या देशात अधिक दिवस राहणार त्याच्याकडे अर्ज करायचा असतो, आणि दिवस समान असतील तर ज्या देशातून शेंगेन क्षेत्रात प्रथम प्रवेश होतो त्याच्याकडे. आपला पहिला प्रवेश जर्मनीत होत असेल तर अर्ज जर्मनीकडेच करावा. मात्र विमान बदलण्यासाठी वाटेत दुसऱ्या शेंगेन देशात उतरणार असाल तर प्रवेशाची नोंद तिथेच होते, म्हणून विमानाचा मार्ग ठरवतानाच हा विचार करावा. अर्ज प्रवासाच्या सहा महिने आधीपासून करता येतो, प्रौढांसाठी शुल्क ९० युरो आहे, आणि किमान ३०,००० युरोंचे वैद्यकीय विमा संरक्षण आवश्यक असते. निर्णयाला साधारणपणे १५ दिवस लागतात, पण काही प्रकरणांत ४५ दिवसही लागू शकतात. दिवाळीच्या प्रवासासाठी गणपतीपर्यंत थांबू नये.

शेंगेनमध्ये सीमेवर तपासणी होत नाही असे मानून पारपत्रे मोठ्या बॅगेत ठेवू नका. जर्मनीने सप्टेंबर २०२४ मध्ये आपल्या सर्व भूसीमांवर तपासणी पुन्हा सुरू केली, आणि त्यानंतर पोलीस गाडीत येऊन कागदपत्रे मागू लागले. पारपत्रे जवळच्या पिशवीत असावीत.

सुगरण, गिरगाव:

चेक रेल्वेच्या भोजनयानात गरम पदार्थ ताजे मिळतात, पण शाकाहारी माणसासाठी निवड थोडी असते. तळलेले चीज आणि बटाटे हा तिकडचा नेहमीचा पदार्थ आहे. घरचे खाणे गाडीत खाण्यास हरकत नसते, तेव्हा चिवडा आणि चकली अवश्य न्या. पेढे-बर्फी मात्र नेऊ नका, कारण युरोपीय संघाबाहेरून येणाऱ्या प्रवाशांना मांस आणि दुग्धजन्य पदार्थ आणण्यास मनाई आहे. प्रागमध्ये युरो नव्हे, कोरुना हे चलन चालते.

पार्लेकर:

सर्वांचे मनःपूर्वक आभार. प्रागचा मुक्काम नक्की केला आणि बाबांना एल्बेच्या काठाचे वर्णन वाचून दाखवले. दोन शंका उरल्या आहेत: प्रागला कोणत्या स्थानकावर उतरावे, आणि गाडीला फार उशीर झाला तर काही भरपाई मिळते का?

रूळप्रेमी, ठाणे:

बर्लिनहून येणारी गाडी आधी प्राग-होलेशोव्हिसे येथे थांबते आणि नाव पाहून अनेक प्रवासी तिथेच उतरतात. आपण बसून राहावे; सुमारे दहा मिनिटांनी 'प्राहा ह्लाव्नी नाद्राझी' हे मुख्य स्थानक येते. व्हिएन्नाच्या गाड्याही तिथूनच सुटतात, म्हणून हॉटेल त्याच परिसरात घ्यावे. वेन्सेस्लास चौकाचे वरचे टोक तिथून चालत जाण्याजोगे आहे. या स्थानकाची जुनी इमारत योसेफ फांटा या वास्तुरचनाकाराच्या आराखड्यानुसार १९०१ ते १९०९ या काळात उभी राहिली. तिच्या घुमटाखालचे दालन बाबांना आवर्जून दाखवा.

उशिराविषयी युरोपीय संघाचा नियम असा, की उतरायच्या स्थानकी गाडी ६० ते ११९ मिनिटे उशिरा पोहोचल्यास भाड्याच्या २५ टक्के आणि त्याहून अधिक उशीर झाल्यास ५० टक्के रक्कम मागता येते, परंतु नैसर्गिक आपत्तीसारख्या काही कारणांना यातून वगळले आहे. तिकीट ज्या रेल्वेकडून घेतले असेल तिच्याच संकेतस्थळावर अर्ज करावा आणि तोवर तिकीट जपून ठेवावे.