अझीझा अमीर: 'लैला'नंतरचा फटका

इजिप्तच्या अभिनेत्री अझीझा अमीर यांना 'लैला' या मूकपटाची नुसती नायिका म्हणणं अपुरं आहे; निर्मात्याही त्याच होत्या. दिग्दर्शक वदाद ऑर्फींशी बिनसल्यावर त्यांनी इस्तेफान रोस्तींकडून चित्रपट पुरा करून घेतला आणि १६ नोव्हेंबर १९२७ ला कैरोत लावला.

गणित चुकलं १९३३ मध्ये. 'अवलाद अल-जवात' या बोलपटाने वर्षभर आधीच इजिप्तच्या प्रेक्षकाची सवय मोडली होती, आणि बाईंनी मूकपट आणला! साहजिकच पडला. अर्थात बोलपट काढणं तेव्हा परवडणारं नव्हतंच: 'अवलाद'चे बोलके प्रसंग पॅरिसला जाऊन चित्रित करावे लागले होते. कैरोचा सुसज्ज स्टुडिओ मिस्र उघडला १९३५ ला. पुढे 'फतात मिन फिलस्तीन' ('पॅलेस्टाईनची मुलगी', १९४८) हा चित्रपटही अमीरबाईंनीच काढला.